उलट ओलांडायचं नाय

बाई, तुमी लिवताय तर जसं मी बोलते तसंच लिवा, मागनं धुऊन-पुसून ठेवू नका. मी चांगुणा, पण सगळी मला चांगीच बोलतात. दहिवलीच्या पलीकडं नदीच्या कडंला आमची आठ-नऊ घरं हायत, तिथं माझा जन्म, साल काय मला ठाऊक नाय, पण तो मानमोडीचा ताप आला, माणसं पटापट मेली, त्या साली मी गुरांमागं जाण्याएवढी व्हते, म्हंजे आठ वर्साची तरी धरा. बापसाची चार खाचरं भाताची, दोन बैल, नि येक गाय, ती बी ओढाळ, आणि काय सांगू तुमाला, मला उडी मारायला कुणी शिकवली इचाराल तर त्या गाईनं शिकवली. दिसली कुणाच्या राबात, म्हंजे भाताची रोपं काढतात त्या वाफ्यात, कवळी हिरवी रोपं की ती घुसलीच, वईला, कुंपणाला, कुठं भोक हाय ते तिला बरोबर ठाऊक, आणि मी मागनं काठी घेऊन, मला ते भोक काय गावायचं नाय, मंग मी वईवरनंच जायची. आमच्याकडची वई म्हंजे करवंदीच्या काट्यांची, माझ्या कंबरंच्या वर. समोरनं उडी मारली तर परकर काट्यात अडकतो नि आपण तोंडावर पडतो, दोनदा पडले, हे बघा कपाळावर अजून हाय. तवा मी बाजूनं तिरकी पळत यायला लागले, वईकडचा पाय आधी वर फेकायचा नि दुसरा त्याच्या मागनं, कात्री चालती ना तसं. मागनं मोठ्या सायबांच्या मडमांना शिकवायला मास्तर ठेवलेले बघितले, तेच शिकवत व्हते, मला हसायला आलं.

आता हे लिवा, याच्याशिवाय पुढचं कुणाला कळायचं नाय. आमच्यात ओलांडण्याला लय बंधनं. निजल्या माणसाला ओलांडायचं नाय, त्याला बाधतं. मुसळ ओलांडायचं नाय, नांगर नाय, बैलाच्या मानेवरचं जू नाय, कासरा नाय, आणि बाईमाणसानं तर नायच नाय. चुकून ओलांडलंच तर तिथल्या तिथं उलट ओलांडायचं, म्हंजे जशी गेलीस तशी त्याच वाटंनं माघारी ये, की दोष फिटला. आमच्या घरात आत्या व्हती, बापसाची मोठी बहीण, नवरा मेल्यावर भावाकडं आली ती कायमचीच, तिचं सगळं ध्यान माझ्या पायांवर. चांगे, मुसळ ओलांडलंस, उलट ये. चांगे, दोरी ओलांडलीस, उलट ये. दिवसातनं धा येळा मी उलट यायची. मला तो खेळच वाटायचा.

मंग तो ताप आला. आई पडली, बापूस पडला, शेजारचं म्हातारं आमच्याच पडवीत आणून टाकलेलं, घरात पाय ठेवायला जागा नाय, उभी माणसं दोनच, मी नि आत्या. सगळी पाणी-पाणी करत व्हती, मी नदीवरनं कळशी आणायची नि वाटायची. आई दारातच पडली व्हती, उंबऱ्याच्या आतल्या अंगाला, वारा लागावा म्हणून. मी कळशी घेऊन आले नि गेले की तिच्यावरनं. चुलीकडनं आत्या वरडली, चांगे, आईला ओलांडलंस, उलट ये. मी बोलले, पाणी देते मंग येते. बापसाला पाणी दिलं, म्हाताऱ्याला दिलं, कळशी रिकामी झाली, मागल्या दारानं परत नदीवर पळाले, आणि राहिलंच ते. दिवेलागणीला आई गेली. बाया जमल्या, आणि त्या सगळ्यांच्या म्होरं आत्या छाती बडवून बोलली, पोरीनं ओलांडली नि उलट फिरली नाय. आठ वर्साच्या पोरीला असं कुणी बोलतं का सांगा, पण ती बोलली, आणि मी ते खरं मानलं. लय वर्सं खरं मानलं. आई मी मारली असं मला वाटायचं, जेवताना वाटायचं, लावणीत रोपं लावताना वाटायचं. कुणाला बोलले नाय.

तवापासनं माझ्या पायांना ती खोडच लागली. कायपण ओलांडलं की उलट यायचंच, कुणी सांगायला लागायचं नाय. बांध असो, वई असो, पाण्याचा पाट असो, गेले की लगेच परत आले, आणि मंग पलीकडं जायला वळसा घालून चालत जायची. तवर गाय निम्मा राब खाऊन मोकळी. बापूस डोक्याला हात लावायचा, बोलायचा, गेलीच हायस तर तिकडंच रहा ना गं बये.

तेराव्या वर्साला माझं लगीन झालं, खालापूरच्या अंगाला गाव. नवरा वाईट नव्हता, नव्हता म्हंजे तो कोणच नव्हता, घरात बोलायचे ते मामंजी. चार वर्सं मी तिथं राबले. येका पावसात अंगणात जू पडलं व्हतं, आणि वासरू दावं तोडून उभ्या भातात निघालं, मी त्याच्यामागं पळाले नि गेले जुवावरनं. मामंजी पडवीतनं वरडायच्या आधी मी उलट आलते, त्यांच्या डोळ्यादेखत आलते. आठ दिवसांनी बैलाला घटसर्प झाला. त्या पावसात खालापुरात कितीतरी गुरं घटसर्पानं मेली, त्या सगळ्यांची जुवं काय मी ओलांडायला गेलते? पण मामंजी बोलले, हिनंच खाल्ला बैल. मी बोलले, मामंजी, मी उलट ओलांडलं, तुमी बघितलंत. ते बोलले, उलट ओलांडलंस ते ठीक, पण आधी ओलांडलंसच का? माझं बोचकं बांधून त्यांनी अंगणात ठेवलं. मी पण कमी नव्हते, मी बोलले, बैल माझ्यामुळं मेला ना, मंग शेतात यंदा भात कंबरंएवढं उभं हाय ते बी माझ्यामुळंच असंल, त्यातला माझा वाटा काढा नि मंग मला घालवा. नवरा खाली बघून हसला, तेवढंच त्याचं हसणं मी चार वर्सांत बघितलं. बोचकं उचललं नि चालत दहिवलीला आले. म्हैन्याभरात त्यांनी त्याला दुसरी केली.

बापसानं बोचकं आत नेऊन ठेवलं. आत्या बोलली, मला ठाऊकच व्हतं. मला घरात बसवंना, म्हणून बापसाच्या ओळखीनं मी कर्जत ठेसनात कामाला लागले. तुमाला ठाऊक हाय, घाट चढायला गाडीला मागनं आणखी इंजनं लावतात, ती कर्जतलाच, म्हणून तिथं डायवर लोकांची वस्ती, गोरे, निम्मे गोरे, त्यांच्या मडमा, पोरी, आणि त्यांचा येक क्लब. क्लबच्या मैदानाची झाडलोट नि पाणी माझ्याकडं. क्लबचा कारकून व्हता पेद्रूसायब, गोव्याचा, पोट सुटलेलं, आयुष्यात कवा बांध ओलांडला नसंल, पण शर्यतींचं भारी येड. त्याच्या टेबलामागं भिंतीला येक चित्र टाचलेलं व्हतं, पेपरातनं कापलेलं. येक बाई हवेत, आडव्या काठीच्या वर, येक पाय पुढं गेलेला, दुसरा मागनं येतोय. मी झाडू धरून उभीच राहिले. ही तर माझी वईवरची उडी.

मी इचारलं, सायब, ही कोण? तो बोलला, ही इटली देशची, तिकडच्या पाद्रीनं मला पेपर दिला. नाव सांगितलं त्यानं, माझ्या तोंडात काय ते बसलं नाय. बोलला, कपडे शिवायच्या कारखान्यात बसती, सुट्टी झाली की मैदानात जाती. पहिल्या साली सगळ्यात मागं राहिली, दुसऱ्या साली पडून पाय दुखावला, तिसऱ्या साली तिच्या देशात तिच्याएवढी उंच कोण गेली नाय. मी इचारलं, तिला कोण काय बोलत नाय? पेद्रू हसला, बोलला, बोलत नाय कसं, तिकडचे पाद्री देवळात उभं राहून वरडतात, बाईमाणसानं अशा उड्या मारू नये, लाज सोडली, हिला पोरं व्हणार नायत. मी बोलले, म्हंजे आमची आत्या तिकडं बी हाय म्हणा. आणि मंग मी खरं इचारायचं ते इचारलं, बोलले, सायब, ही उलट कवा येती? तो बोलला, उलट कशाला येल? पलीकडं रेतीत पडली की झालं. मला ते पटलं नाय. मला वाटलं, येत असंल, चित्रात दावलं नसंल.

त्यांच्या शर्यतींचा दिवस जवळ आला तशी मैदानात दोन खांब रोवले, काठी आली, पलीकडं खड्ड्यात मी नि दुसऱ्या येका बाईनं रेती टाकली, वर भाताचा पेंढा पसरला. दुपारी सगळे जेवायला गेले नि मी काठीकडं बघत उभी. पदर खोचला, तिरकी पळत गेले, गेले वरनं, नि लगेच उलट आले. काठी हालली पण नाय. मागं बघते तर पेद्रू खिडकीत, तोंडात घास तसाच. त्या दिवसापासनं दुपारी तो काठी वर सरकवायचा नि मी उडायची, जायची नि यायची, जायची नि यायची. त्याला वाटलं मी जास्तीचा सराव करते. त्यानं काय इचारलं नाय, मी काय सांगितलं नाय, तिथंच चुकलं.

आमच्यासारख्या बायांना त्या दिवशी येकच शर्यत, डोक्यावर घागर घेऊन पळायची, सायबांना हसायला. ती मी जिकले. मंग पेद्रूनं माझं नाव उडीच्या शर्यतीत घातलं, पंच सायब हसून बोलला, घाला, मजा येल. मडमांच्या पोरी पांढऱ्या झग्यात, मी लुगड्यात. गावातनं माणसं बघायला आलती, कुणीतरी बोललं, लाज नाय, पाय दावती. मी तिथूनच बोलले, लावणीत चिखलात वाकते तवा हेच पाय असतात, तवा तुमी बांधावर बसून विडी वढता, तवा नाय लाज वाटत? जी पहिली येल तिचं नाव वहीत लिवणार, तिला मुंबईच्या मोठ्या मैदानात धाडणार. मला कप-बिप नको व्हता. आजवर माझी प्रत्येक उडी कुणाचा ना कुणाचा दोष म्हणूनच मोजली गेली व्हती. येक तरी उडी चांगली म्हणून कुणीतरी लिवावी, येवढंच मला पायजे व्हतं, आणि ते मला लय पायजे व्हतं.

काठी चढत गेली. मी जायची नि उलट यायची, लोक टाळ्या वाजवायचे, हसायचे, पंच सायब बी हसायचा. येकेक पोरगी गळत गेली. शेवटाला मी नि येक डायवरची पोरगी, उंच, घारी. काठी माझ्या हनवटीएवढी वर आली. तिनं तिनदा पाडली. मी गेले. सांगते तुमाला, तशी उडी मी मागं मारली नव्हती, वर गेल्यावर मला ठेसनाच्या पलीकडचे डोंगर दिसले, माथेरान दिसलं. रेतीत पडले, उठले, नि माझे पाय फिरले. मला कळायच्या आत फिरले. उलट बाजूनं पळायला जागा नव्हती, पेंढ्यात पाय रुतत व्हते, तरी उडाले, नि गुडघा लागून काठी खाली आली. पंच सायबाचं निशाण अजून वर झालं नव्हतं. तो बोलला, काठी पडली, धरत नाय. पेद्रू त्याच्याशी भांडला, टोपी खाली आपटली, पण नाय म्हंजे नाय. घारीचं नाव लिवलं. पेद्रू माझ्यासमोर येऊन वरडला, अगं बाई, तू परत का उडालीस? गेली व्हतीस ना तू! मी काय सांगणार त्याला? आई सांगू का?

तशीच घरी गेले. आत्या अंगणात मुसळानं भात कांडत बसली व्हती. मी तिच्या हातातनं मुसळ घेतलं, भुईवर आडवं टाकलं नि त्याच्यावरनं गेले. ती बोलली, उलट ये. मी बोलले, नाय येत. ती बोलली, चांगे, उलट ये. मी बोलले, तुझ्या उलट येण्यापायी आज माझी उडी गेली, तुझ्या उलट येण्यापायी मी धा वर्सं आईला मारत्येय, नाय येत जा. आणि मी रडले, मोठ्यानं, गुरं बघायला लागली. आत्यानं सांडलेलं भात गोळा केलं. मंग खाली बघून बोलली, चांगे, त्या दिवशी मी बी तिला ओलांडली. चुलीकडनं दाराकडं, दाराकडनं चुलीकडं, किती येळा ते देवाला ठाऊक. पाय ठेवायला जागा कुठं व्हती? मी बोलले, मंग माझ्यावर का घातलंस? ती बोलली, मी रांडमुंड बाई, भावाच्या घरात पडलेली. लोकांनी माझ्यावर घातलं असतं तर मला कुणी ठेवलं असतं? तुला बाप व्हता.

बाई, मला राग आला म्हंजे काय, मुसळ उचलून तिच्या डोक्यात घालावं असं वाटलं. आठ दिवस मी तिच्याशी बोलले नाय, तिच्या हातचं जेवले नाय. नवव्या दिवशी मी अंगणात दोन खुंट ठोकले नि तिला बोलले, आत्या, बांबू आणून दे. ती उठली, तिनं आणला, खुंटांवर ठेवला, आणि बाजूला बसली. मी उडाले. माझे पाय फिरायला लागले तशी ती वरडली, सरळ जा गं! तिचाच तो आवाज, तसाच करवादणारा, फक्त बोलणं उलटं. येक वर्स आमी असं केलं. ठेसनातनं यायची, भात रटरटायला ठेवायची, नि उडायची, नि आत्या बसून वरडायची, सरळ जा, सरळ जा, मागं बघू नको. किती येळा पाय फिरले असतील. फिरले की ती काडी फेकून मारायची. माफ केलं का मी तिला? ते तुमी इचारू नका. बांबू ती ठेवायची, येवढं लिवा.

दुसऱ्या साली परत शर्यत. या खेपेला आत्या आली, जुनं लुगडं धुऊन नेसून, दोरीच्या पलीकडं गावच्या माणसांत उभी राहिली. घारी व्हतीच. परत आमी दोघीच राहिलो. काठी हनवटीच्या वर. घारीनं पाडली. मी पळत गेले, वर गेले, पडले, उठले, आणि पायांना परत तीच ओढ, जसं कुणी मागनं पदर धरून खेचतंय. आणि सगळ्या मैदानात येक आवाज, चांगे, सरळ जा गं! मी चालायला लागले. खड्ड्यातनं बाहेर आले, चालतच राहिले, मैदान संपलं तरी चालत राहिले, थांबले तर फिरंन असं वाटत व्हतं, पार रुळाच्या तारंपाशी गेले. पेद्रू पोट सांभाळत मागनं पळत आला, बोलला, अगं थांब, बक्षीस घ्यायला ये, येवढ्या लांब सरळ जायला नाय सांगितलं कुणी. वळून बघितलं तर काठी वर व्हती, निशाण बी वर व्हतं. त्यानं वहीत माझं नाव लिवलेलं दावलं. मला वाचता येत नव्हतं, त्यावर बोट फिरवून घेतलं.

मंग चार वर्सं मी उडाले. मुंबईला तीनदा गेले, पहिल्या खेपेला दुसरी आले, पहिली येक शाळेतली पोरगी आली, चांगली उडायची, मी तिला सांगितलं पण तसं. दुसऱ्या खेपेला मी पहिली. तिथला येक सायब माझ्या काष्ट्याकडं बघून मान हालवत राहिला. तिसऱ्या खेपेला मला बोलले, लुगड्यात चालणार नाय, झगा घालायचा. मी बोलले, काठीला काय ठाऊक मी काय नेसले ते? ते बोलले, तसा कायदा केलाय. मी बोलले, मंग तुमचा कायदाच उडवा काठीवरनं, आणि आले परत. लोक बोलतात, घालायचा व्हता झगा, काय बिघडत व्हतं. बिघडत काय नव्हतं. पण आधी गाववाले बोलले पाय झाक, मंग सायब बोलले पाय उघड, मी काय सगळ्यांच्या सांगण्यावर माझं नेसणं बदलत बसू? राग आला, आले. पस्तावा म्हणाल तर थोडा हाय, खोटं कशाला बोलू. आणखी दोन वर्सं मी वर गेले असते.

आता येक गंमत सांगते नि झालंच. तीनेक वर्सं झाली, येके दिवशी अंगणात बघते तर मामंजी. खालापुरापासनं चालत आलेले, खांद्यावर जू. जू माझ्या म्होरं खाली ठेवलं नि बोलले, चांगे, दुसरीची पोरगी तापानं फणफणलीय, बैल बी टिकत नायत, भगत बोलला, जिनं ओलांडलं तिनंच उलट ओलांडायला पायजे. म्हाताऱ्याचे पाय सुजलेले. मला दया आली, आणि राग बी आला, दोन्ही येकदम. मी बोलले, मामंजी, मी त्याच दिवशी उलट आलते, तुमी बघितलंत, आता परत नाय. ते जू उचललं, माझ्या खुंटांवर आडवं ठेवलं, आणि त्यांच्या डोळ्यादेखत त्याच्यावरनं गेले. सरळ. गेले ती घरात गेले, त्यांच्यासाठी ताक घेऊन बाहेर आले. बोलले, प्या, आणि पोरीला कर्जतच्या डागदराकडं आणा, कोयनेलच्या कडू गोळ्या देतात, हिवताप असंल. आणली त्यांनी पोरीला. आठ दिवसांत बरी झाली. तर म्हातारा सगळ्या खालापुरात सांगत सुटला, चांगीनं जू ओलांडलं म्हणून पोरगी वाचली! मेलं तरी मी नि वाचलं तरी मी. कोयनेलचं नाव नाय.

पण ती पोरगी येती हितं. उडायला. ती नि दहिवलीच्या आणखी चार-पाच. त्यांच्या आया बोलतात, वाढ खुंटंल, पोरं व्हणार नायत. मी त्यांना बोलते, माझी वाढ बघा, दारात वाकून जाते मी. पेद्रूसायब गोव्याला गेला, जाताना ते चित्र मला दिलं, आत लावलंय, धुरानं काळं पडलंय. ती इटलीची अजून उडती का, लगीन झालं, पोरं झाली का, कारखान्यातच बसती, काय ठाऊक नाय. कुठं असंल तिथं बरी असो. चित्रात तरी ती अजून खाली आलेली नाय.

बसा, उठू नका, तुमाला च्या आणते, गुळाचा हाय. आत्याला उठवू नका हं. दोन म्हैने झाले ती अशीच दारात पडून हाय, डोळ्यांनी दिसत नाय, पण हितंच अंथरूण पायजे तिला, उंबऱ्याच्या आतल्या अंगाला, पोरींच्या उड्या ऐकू येतात म्हणून. आत्या, पाय आवरू नको गं, पडून रहा, मी जाते वरनं.

ऐकलंत काय बोलली? सरळ जा, बोलली. ते बी लिवा.